जुनं फुटेज माहितीपटात वापरायचं तर: शोधापासून मास्टरपर्यंतचा क्रम

माहितीपटात जुनं फुटेज वापरताना होणाऱ्या बहुतेक चुका उलट्या क्रमातून येतात. आधी यूट्यूबवरून क्लिप उतरवायची, ती टाइमलाइनवर टाकून एडिट करायचं, निर्मात्याला दाखवून पसंत करून घ्यायचं आणि मग ‘हे फुटेज कुणाचं?’ म्हणून शोधाशोध सुरू. तोवर त्या क्लिपवर निवेदन बसलेलं असतं, संगीतही बसलेलं असतं. मग मालक मागेल ती रक्कम मोजावी लागते, नाहीतर मालक सापडतच नाही. कधी मालक सापडतो, पण मास्टर (मूळ दर्जाची, अंतिम वापराची प्रत) वेगळ्या फ्रेमरेटचा (सेकंदाला किती चित्रं) निघतो आणि सगळे कट सरकतात.

योग्य क्रम एका नमुन्यावर पाहू. समजा, १९८२ च्या मुंबईतल्या गिरणी संपावर ५२ मिनिटांचा माहितीपट करायचा आहे आणि त्यात सुमारे ८ मिनिटं जुनं फुटेज लागणार आहे. नमुना सोयीचा आहे, कारण त्या काळचं साहित्य फिल्मवर सापडतं, यू-मॅटिक या त्या काळच्या व्यावसायिक व्हिडिओ टेपवर सापडतं, परदेशी वृत्तसंस्थांकडे असतं आणि कुणाच्या तरी कपाटात व्हीएचएसवरही असतं. प्रत्येकाची डोकेदुखी वेगळी.

## १. शोधाआधी यादी

संहिता हातात घ्या आणि जिथे जुनं दृश्य हवं तिथे खूण करा. प्रत्येक खुणेपुढे तीनपैकी एक अक्षर लिहा. ‘अ’ म्हणजे त्याशिवाय प्रसंग उभाच राहत नाही. ‘ब’ म्हणजे दुसरं दृश्य, छायाचित्र किंवा वर्तमानपत्राचं कात्रण चालेल. ‘क’ म्हणजे नुसती शोभा. संप १८ जानेवारी १९८२ ला सुरू झाला, तेव्हा दत्ता सामंतांची त्या काळातली सभा ‘अ’ मध्ये जाईल. बंद गिरणीचं धुरांडं ‘ब’ मध्ये, कारण ते आज जाऊनही चित्रित करता येईल. लोकलची गर्दी ‘क’. पैसे कमी पडले की कात्री ‘क’पासून लावायची, हे आत्ताच ठरवून ठेवा. एडिटच्या टेबलावर सगळंच ‘अ’ वाटायला लागतं.

## २. नोंदवही पहिल्या दिवशी

साधी स्प्रेडशीट पुरते. प्रत्येक शॉटला एक ओळ आणि एक स्वतःचा क्रमांक. हा क्रमांक फाइलच्या नावात, टाइमलाइनवर, करारात आणि श्रेयनामावलीच्या मसुद्यात तोच राहतो. रकाने असे:

- आपला क्रमांक आणि स्रोताचा क्रमांक (रील, टेप किंवा संग्रहातला नोंद क्रमांक)
- दृश्याचं वर्णन, तारीख, आणि ती तारीख कशावरून ठरवली
- मूळ माध्यम, फ्रेमरेट, चित्राचं गुणोत्तर
- स्क्रीनरवरचा (संग्रहाने पाहण्यासाठी दिलेल्या कमी दर्जाच्या प्रतीवरचा) टाइमकोड, म्हणजे तास-मिनिट-सेकंद-फ्रेमचा आकडा: सुरुवात आणि शेवट
- हक्काचा मालक, आणि आतले वेगळे हक्क: संगीत, निवेदन, आत दिसणारं चित्र वा छायाचित्र
- दर, किमान आकारणी, पत्रव्यवहाराची स्थिती
- अंतिम चित्रपटात वापरलेले सेकंद
- श्रेयाची ओळ, मालकाने दिलेल्या शब्दांत

‘कशावरून ठरवली’ हा रकाना लोक गाळतात आणि सर्वात महाग पडतो तोच. फाइलचं नाव ‘संप_फायनल_नवीन_२’ असं नको. स्रोत, वर्ष, क्रमांक आणि प्रत असं ठेवा: ‘एफडी_१९८२_००१७_स्क्रीनर’ (एफडी म्हणजे फिल्म्स डिव्हिजन). प्रत्यक्षात नाव रोमन अक्षरांत आणि मोकळी जागा न सोडता द्या. एडिटची काही सॉफ्टवेअर देवनागरी नावांवर अजूनही अडखळतात.

तपासा: नोंदवहीत ओळ नसलेली एकही क्लिप एडिटरच्या संगणकावर नाही ना? असेल तर ती आजच काढा किंवा आजच नोंदवा.

## ३. शोध

२०२२ पासून फिल्म्स डिव्हिजन (सरकारी माहितीपट आणि वृत्तपट बनवणारी संस्था) आणि पुण्याचं राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय यांचा कारभार एनएफडीसीकडे, म्हणजे राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळाकडे आहे. दूरदर्शन आणि आकाशवाणीच्या साहित्यासाठी प्रसार भारतीचा संग्रह. परदेशी वृत्तसंस्था आणि वृत्तपट कंपन्यांच्या सूची ऑनलाइन पाहता येतात. एक गोष्ट पक्की लक्षात असू द्या: संग्रहालयाकडे रील आहे म्हणजे त्यांच्याकडे हक्क आहेत असं नाही. खासगी निर्मात्याच्या चित्रपटाची प्रत संग्रहालय सांभाळतं. वापरायची परवानगी निर्मात्याकडून किंवा त्याच्या वारसांकडून आणावी लागते.

शोधताना शब्द जुने वापरा. सूची बनवणाऱ्याने त्या काळच्या इंग्रजी वळणाने लिहिलेलं असतं: पुण्याचं ‘पूना’, ठाण्याचं ‘थाना’, परळचं ‘परेल’, सोलापूरचं ‘शोलापूर’. ‘गिरणगाव’ टाकून शून्य निकाल येतील. ‘बॉम्बे’, ‘टेक्स्टाइल’, ‘मिल’, ‘स्ट्राइक’ हे चारही आलटून पालटून टाका. सर्वात खात्रीचा मार्ग मात्र तारखेचा. आधी वर्तमानपत्रांच्या जुन्या फायली चाळून मोर्चा, सभा, बंद यांच्या तारखा काढा, मग त्या तारखेच्या आधीच्या आणि नंतरच्या दोन दिवसांतल्या नोंदी मागा. वृत्तसंस्थेकडे क्लिपसोबत मूळ टिपणही मागा, म्हणजे कॅमेरामनने त्या दिवशी लिहून पाठवलेला शॉटवार कागद. क्लिपच्या शीर्षकापेक्षा त्या कागदावर जास्त विसंबता येतं.

खासगी टेप मिळाली तर ती घेताना पोच द्या: टेपवर काय लिहिलंय, अवस्था कशी आहे, परत कधी देणार. व्हीएचएसच्या कडेची प्लास्टिकची छोटी पट्टी मोडलेली नसेल तर मालकाला विचारून तिथेच मोडा. नाहीतर चुकून रेकॉर्डचं बटण दाबलं गेलं की १९८२ च्या सभेवर तुमच्या खोलीतल्या टीव्हीचा कार्यक्रम बसेल.

## ४. खातरजमा: हे खरंच तेच आहे का

‘संप, १९८२’ असं शीर्षक असलेल्या क्लिपमध्ये दुसऱ्याच वर्षीचा मोर्चा निघणं ही नित्याची गोष्ट आहे. जुने कार्यक्रम करणारेही घाईत होते. हाताशी असलेला मोर्चा लावून मोकळे झाले. म्हणून प्रत्येक शॉट थांबवून पाहा. कडेपासून कडेपर्यंत, माणसांना सोडून.

वाहनांच्या पाट्या. एमएच-०१, एमएच-१२ ही पद्धत देशभर १ जुलै १९८९ पासून आली. त्याआधी महाराष्ट्रात ‘एम’ने सुरू होणारी तीन रोमन अक्षरं आणि पुढे आकडे असत. तेव्हा १९८२ म्हणून दिलेल्या शॉटमध्ये कोपऱ्यात उभ्या टॅक्सीवर एमएच-०१ दिसलं, तर विषय संपला. उलट मात्र खरं नाही. जुनी पाटी असलेली गाडी १९९३ मध्येही रस्त्यावर होती. असा पुरावा एकतर्फी असतो: ‘याच्या आधीचं नाही’ एवढंच तो सांगतो.

ट्राम. मुंबईतली शेवटची ट्राम ३१ मार्च १९६४ ला धावली. ट्राम चालताना दिसली की दृश्य त्याआधीचं. रस्त्यात नुसते रूळ दिसले तर काहीच सिद्ध होत नाही.

भिंतीवरची पोस्टरं. चित्रपटाचं पोस्टर दिसलं तर प्रदर्शनाची तारीख काढा. शॉट साधारण त्याच्या आसपासचा किंवा नंतरचा. फाटकं, अर्धं झाकलेलं पोस्टर असेल तर काही महिने पुढे धरा.

रंग. दूरदर्शनवर रंग आला तो ऑगस्ट १९८२ मध्ये. जानेवारीच्या सभेचं रंगीत दृश्य ‘दूरदर्शनचं’ म्हणून समोर आलं तर लगेच नाकारू नका, पण प्रश्न विचारा: ते रंगीत फिल्मवर कुणी चित्रित केलं? उत्तरात बहुतेक वेळा खरा मालक सापडतो.

फिल्मची कड. रील हातात येत असेल, निदान कडेसकट स्कॅन मिळत असेल, तर छिद्रांजवळची अक्षरं वाचा. ईस्टमन कोडॅकच्या फिल्मवर चौकोन, वर्तुळ, त्रिकोण अशा खुणांत उत्पादनाचं वर्ष लपलेलं असतं. त्या खुणा दर वीस वर्षांनी पुन्हा येत, म्हणजे एकाच खुणेचे दोन-तीन अर्थ निघतात. शिवाय ते फिल्म बनल्याचं वर्ष आहे, चित्रीकरणाचं नाही. प्रिंटवर निगेटिव्हच्या कडेची खूणही छापली गेलेली असते. दोन खुणा दिसल्या तर गोंधळू नका, एक निगेटिव्हची आणि एक प्रिंटची.

शॉटच्या मध्येच बदलणारा पोत. सलग कार्यक्रमात एका कटनंतर दाणे अचानक जाड झाले, उभे ओरखडे वाढले किंवा चित्राची कड किंचित हलली, तर तो तुकडा दुसरीकडून उचललेला आहे. त्याची नोंद वेगळी, मालकही वेगळा असू शकतो.

आवाजावर तर तारीख ठरवूच नका. बातमीचं बरंचसं फिल्म फुटेज मूक चित्रित व्हायचं आणि घोषणा नंतर चिकटवल्या जायच्या. ओठ आणि घोषणा जुळतात का, एवढं पाहा.

सावधान: खातरजमा न झालेला शॉट वापरायचाच असेल तर निवेदनात आणि पडद्यावर तारीख-ठिकाण लिहू नका. ‘१८ जानेवारी १९८२, परळ’ अशी पट्टी म्हणजे तुम्ही दिलेली साक्ष.

## ५. हक्क

इथे ऐकीव नियमांचा बाजार आहे. ‘सात सेकंदांपेक्षा कमी असेल तर चालतं’ असं कुठल्याही कायद्यात लिहिलेलं नाही. भारतीय कॉपीराइट कायद्याच्या कलम ५२ मध्ये टीका, समीक्षण, चालू घडामोडींचं वार्तांकन यांना सूट आहे. ती सेकंदांवर मोजली जात नाही आणि चार दशकांपूर्वीचा संप ही चालू घडामोड नव्हे.

मुदती अशा आहेत. चित्रपटावरचा हक्क प्रसिद्धीच्या पुढच्या वर्षाच्या आरंभापासून ६० वर्षं. म्हणजे १९६० मध्ये प्रदर्शित झालेल्या चित्रपटाचा हक्क ३१ डिसेंबर २०२० ला संपला. १९८२ मध्ये प्रसिद्ध झालेलं फुटेज २०४२ च्या अखेरपर्यंत बांधलेलं आहे. आणि जे कधी प्रसिद्धच झालं नाही, डब्यात पडून राहिलेले रशेस (न कापलेलं कच्चं चित्रीकरण), त्यांच्या साठ वर्षांची मोजणी अजून सुरूच झालेली नाही. ‘जुनं आहे, पडून आहे, म्हणजे मोकळं आहे’ हा तर्क नेमका उलटा आहे.

दुसरा गैरसमज २५ वर्षांचा. प्रक्षेपण करणाऱ्या संस्थेला तिच्या प्रक्षेपणावर कलम ३७ नुसार २५ वर्षांचा एक हक्क मिळतो. तो संपला म्हणून दूरदर्शनचा कार्यक्रम मोकळा झाला, असं लोक धरून चालतात. त्या कार्यक्रमाच्या चित्रीकरणावरचा ६० वर्षांचा हक्क वेगळा आणि तो शाबूत असतो.

मग आतले थर. चित्रपटाची मुदत संपली तरी त्यातल्या गाण्याच्या शब्दांवर आणि चालीवर गीतकार-संगीतकाराच्या मृत्यूनंतर ६० वर्षं हक्क राहतो. गिरणीच्या गेटसमोर लाउडस्पीकरवर वाजणारं सिनेमाचं गाणं तुमच्या शॉटमध्ये असेल तर फुटेजचे पैसे भरूनही गाण्याची परवानगी राहिलीच. दोन उपाय: परवानगी घ्या, किंवा तो आवाज काढून टाका आणि काढल्याची नोंद ठेवा. शाहिराचा पोवाडा, कवीने व्यासपीठावर म्हटलेली कविता, यांनाही हेच लागू.

परवान्यात हे मुद्दे शब्दांत लिहून घ्या:

- कोणता शॉट, किती सेकंद (नोंदवहीच्या क्रमांकासह)
- कुठल्या देशांत, किती वर्षांसाठी
- कोणत्या माध्यमांत: महोत्सव, चित्रपटगृह, दूरचित्रवाणी, ओटीटी, शैक्षणिक वापर
- भाषांतरित आवृत्त्या आणि उपशीर्षकं चालतील का
- ट्रेलरमध्ये वापरता येईल का (बहुतेक जण विसरतात, ट्रेलर हा जाहिरातीचा वापर धरला जातो)
- मालकी आपलीच आहे याची देणाऱ्याकडून हमी

प्रदेश आणि मुदत लिहिली नाही तर कायदा स्वतः भरतो: मुदत ५ वर्षं, प्रदेश भारत. नुसत्या ‘फुटेज चार्जेस’ असं लिहिलेल्या बिलावर चित्रपट परदेशी महोत्सवात पाठवला की तो परवान्याबाहेर गेला. बजेट तुटपुंजं असेल तर महोत्सवापुरता परवाना आत्ता घ्या आणि पुढच्या वापराचे दर त्याच करारात आकड्यात लिहून ठेवा. चित्रपटाला पारितोषिक मिळाल्यावर दर विचारायला जाऊ नका. सही करण्याआधी मसुदा या कायद्यात काम करणाऱ्या वकिलाला दाखवा. आठ मिनिटांच्या फुटेजसाठी तो खर्च जास्त नाही.

सावधान: यूट्यूबवर क्लिप टाकणारा मालक नसतो. तिथे ‘मुक्त परवाना’ असं लिहिलेलं असलं तरी, जे त्याचं नाही ते तो वाटू शकत नाही.

## ६. स्क्रीनरवर एडिट

संग्रहाकडून आधी कमी दर्जाची, पडद्यावर टाइमकोड छापलेली प्रत येते. तो टाइमकोड झाकू नका, कापू नका, चित्र मोठं करून बाहेर ढकलू नका. मास्टर मागवताना हाच एक दुवा हातात असतो. सगळं जुनं फुटेज टाइमलाइनवर एका वेगळ्या ट्रॅकवर ठेवा. शेवटी सेकंद मोजणं मिनिटाभराचं काम होतं.

या टप्प्यावर वेग बदलू नका. स्क्रीनर बऱ्याचदा चुकीच्या फ्रेमरेटने बनवलेली असते. तिच्यावर दिलेला ८० टक्के वेग मास्टरवर भलतंच काही करतो. रंगही लावू नका. वापर किती सेकंदांचा आहे ते दर आठवड्याला नोंदवहीत उतरवा, कारण पुष्कळ ठिकाणी किमान आकारणी असते: तीन सेकंद वापरा किंवा तीस, बिल सारखंच. अशा दोन स्रोतांचे तीन-तीन सेकंदांचे तुकडे घेण्यापेक्षा एकच स्रोत भरपूर वापरणं परवडतं.

एडिट लॉक होईपर्यंत, म्हणजे कट कायमचे ठरेपर्यंत, मास्टर मागवू नका. ‘अ’ वर्गातल्या दृश्यांचे परवाने मात्र लॉकआधी हातात हवेत.

## ७. मास्टर मागवणं

मागणीपत्रात हे जसंच्या तसं लिहा: मूळ फ्रेमरेट, मूळ रिझोल्यूशन, पूर्ण चौकट, मोठं केलेलं नको, कापलेलं नको, डी-इंटरलेस केलेलं नको (ते काय, हे पुढच्या भागात), आवाज साफ केलेला नको. फाइल १०-बिट, प्रोरेस ४२२ एचक्यू (एडिटसाठीचा उच्च दर्जाचा फाइल-प्रकार) किंवा त्याहून वरची. प्रत्येक शॉटला पुढे-मागे किमान २ सेकंद जादा. न विचारता ‘एचडी करून’ दिलेली फाइल परत पाठवा. तिच्यातल्या चुका नंतर निघत नाहीत.

फिल्म असेल तर स्कॅनिंगचा खर्च रीलवर लागतो, तुमच्या शॉटवर नाही. १६ मिमीची ४०० फुटी रील २४ फ्रेमच्या वेगाने सुमारे ११ मिनिटं चालते, आणि ३५ मिमीची १००० फुटी रीलही तेवढीच. सहा सेकंदांसाठी ११ मिनिटांचे पैसे गेले म्हणून तक्रार करण्यापेक्षा त्या रीलमध्ये आणखी काय कामाचं आहे ते आधी पाहा. १६ मिमीला २के स्कॅन पुरतो. डबा उघडताच व्हिनेगरसारखा आंबट वास आला तर फिल्मचा आधार कुजतो आहे. ती रील प्रोजेक्टरवर किंवा जुन्या एडिटिंग टेबलवर चालवू नका, थेट स्कॅनिंग करणाऱ्यांना दाखवा.

खासगी व्हीएचएस किंवा यू-मॅटिक स्वतः उतरवायची असेल तर क्रम असा:

१. खिडकीतून गुंडाळीकडे टॉर्च मारून पाहा. मुंबई-कोकणातल्या दमट कपाटातून आलेल्या टेपच्या कडेवर पांढरी भुकटी किंवा जाळीसारखे ठिपके दिसले तर ती बुरशी. टेप मशीनमध्ये घालू नका: टेपही जाते, मशीनचे टेप वाचणारे हेडही जातात, आणि पुढच्या टेपला लागण होते ती वेगळीच.

२. टेप स्वच्छ असेल तर एकदा शेवटपर्यंत पुढे आणि परत मागे गुंडाळा. वर्षानुवर्षं घट्ट बसलेले थर मोकळे होतात.

३. यू-मॅटिक चालताना किंचाळल्यासारखा आवाज आला, वेग मंदावला किंवा हेडवर तपकिरी चिकट थर जमला तर ताबडतोब थांबा. टेपचा बाइंडर (चुंबकीय कण धरून ठेवणारा थर) ओलावा धरून चिकट झालाय. अशी टेप नियंत्रित उष्णतेत, सुमारे ५० अंश सेल्सिअसला, काही तास ठेवून तात्पुरती चालवता येते. ते काम त्याची साधनं असलेल्यांकडेच द्या. घरच्या ओव्हनचा अंदाज महागात पडतो.

४. व्हीएचएस मशीनची एस-व्हिडिओ वायर वापरा, पिवळी साधी वायर नाही. मध्ये टाइमबेस करेक्टर (टेपच्या सिग्नलची वेळ स्थिर करणारं यंत्र) हवाच. त्याशिवाय उभ्या रेषा वाऱ्यात हलल्यासारख्या वाकतात आणि फ्रेम गळतात.

५. पूर्ण टेप उतरवा, फक्त हवा तो भाग नाही. १०-बिट अनकंप्रेस्ड पॅल व्हिडिओ तासाला सुमारे १०० जीबी जागा घेतो. जागा कमी असेल तर एफएफव्ही१ हा फाइल-प्रकार वापरा. तेही माहिती न गमावता साठवतं आणि आकार बराच कमी होतो.

६. आवाजाचे दोन्ही ट्रॅक वेगवेगळे घ्या. यू-मॅटिकवर एका ट्रॅकवर निवेदन आणि दुसऱ्यावर प्रत्यक्ष जागेचा आवाज असू शकतो. दोन्ही मिसळून उतरवले की सभेचा खरा आवाज कायमचा निवेदनाखाली गेला.

## ८. मास्टर टाइमलाइनवर बसवणं

सर्वात जास्त नासाडी इथे होते. क्रम पक्का पाळा: आधी इंटरलेस, मग गुणोत्तर, मग आकार, मग फ्रेमरेट, शेवटी रंग.

इंटरलेस. भारतातला जुना व्हिडिओ पॅल पद्धतीचा: ७२० बाय ५७६, सेकंदाला २५ फ्रेम आणि प्रत्येक फ्रेममध्ये दोन फील्ड (एक सोडून एक ओळींची दोन अर्धी चित्रं). घोषणा देताना उंचावलेल्या मुठीवर फ्रेम थांबवा. कडेला कंगव्याचे दात दिसले तर चित्र इंटरलेस्ड आहे. तसंच्या तसं मोठं केलं की ते दात पसरून कायमचे चित्रात मिसळतात. म्हणून डी-इंटरलेस (फील्डपासून सलग फ्रेम बनवणं) आधी, आकार नंतर. सॉफ्टवेअरमधल्या एका टिचकीच्या पर्यायावर समाधान मानू नका. तो बहुतेक वेळा एक फील्ड फेकून देतो आणि उभं तपशील निम्मं होतं. एफएफएमपेग या मोफत सॉफ्टवेअरमधला बीडब्ल्यूडिफ हा फिल्टर चांगला, क्यूटीजीएमसी त्याहून सरस पण संथ.

फील्डचा क्रमही तपासा. पॅल व्हिडिओत साधारणपणे वरचं फील्ड आधी असतं, डीव्ही टेपवर खालचं. चुकीचा क्रम लावला की चालणारा माणूस एक पाऊल पुढे, अर्धं मागे असा थरथरतो. डी-इंटरलेस करून सेकंदाला ५० फ्रेम मिळवा आणि एकेक फ्रेम पुढे नेत पाहा. चूक लगेच कळते.

गुणोत्तर. ४:३ चं चित्र १०८० च्या चौकटीत १४४० बाय १०८० बसतं आणि दोन्ही बाजूंना काळ्या पट्ट्या येतात. त्या राहू द्या. ओढून रुंद केलं की दत्ता सामंत पसरट दिसतात. मोठं करून भरलं की उंचीतला २५ टक्के भाग जातो, आणि मोर्चाच्या दृश्यात तो २५ टक्के म्हणजे फलकांवरचा मजकूर. बाजूला त्याच चित्राची धूसर आवृत्ती भरायची हौस बातम्यांच्या वाहिन्यांना असू द्या. प्रमाण बरोबर बसलं का ते पाहायला गोल वस्तू शोधा: गिरणीवरचं घड्याळ, सायकलचं चाक. गोल गोलच दिसलं पाहिजे.

फ्रेमरेट. फिल्म २४ ची आणि चित्रपट २५ चा असेल तर ती २५ नेच चालवणं सर्वात स्वच्छ. वेग साधारण ४ टक्के वाढतो, तासाचं ५७ मिनिटं ३६ सेकंद होतं आणि आवाजाची पट्टी जवळपास पाऊण सेमीटोन चढते. आवाज वेगळा काढून पट्टी उतरवा. घरगुती सुपर-८ सहसा १८ फ्रेमचं. ते २५ ने चालवलं की मोर्चातली माणसं तुरुतुरु पळतात आणि प्रेक्षक हसतो. तिथे फ्रेमची पुनरावृत्ती करून मूळ वेग राखा. दोन फ्रेम मिसळणारा पर्याय बंद ठेवा. त्याने प्रत्येक चेहऱ्याला सावली येते. अमेरिकी वृत्तसंस्थेकडून २९.९७ ची फाइल आली तर मूळ फिल्म होती का विचारा. फिल्म असेल तर पुलडाउन (२४ चं २९.९७ करताना घातलेली जादा फील्ड) काढून २४ वर या, मग पुढचं.

रंग. जुन्या व्हिडिओचं रंगाचं मानक ६०१, एचडीचं ७०९. फाइलमधली मानकाची खूण न वाचता ती आयात झाली तर लाल झेंडे किंचित नारिंगीकडे झुकतात आणि हिरवा सरकतो. गिरणी संपाच्या चित्रपटात झेंड्याचा रंग चुकणं बरं नव्हे.

व्हीएचएसच्या तळाशी काही ओळी फाटलेल्या दिसतात. तो हेड बदलण्याचा गोंधळ आहे. तेवढ्यावर बारीक काळी पट्टी लावा, त्यासाठी अख्खं चित्र मोठं करू नका. आवाजातली गुणगुण बहुतेक वेळा ५० हर्ट्झ आणि तिच्या पटींवर असते, तेवढीच कापा. सगळा खरखराट पुसला की माणूस पाण्याखालून बोलल्यासारखा वाटतो.

सावधान: एआयने मोठं करणारी साधनं तपशील शोधून काढत नाहीत, रचतात. फलकावरचा ‘संयुक्त’ शब्द असा यायला लागतो की शिरोरेषा आहे, खाली अक्षरं मात्र कुठल्याच लिपीची नाहीत. मागच्या रांगेतले चेहरे एकमेकांचे भाऊ दिसू लागतात. तो शॉट पुरावा म्हणून वापरत असाल तर हे साधन नकोच.

## ९. शेवटची मोजणी आणि सुपूर्दगी

अंतिम मिक्सनंतर पुन्हा एकदा सेकंद मोजा. शेवटच्या आठवड्यात निर्मात्याने सुचवलेल्या ‘एवढंसं लांबवू’मुळे आकडा वाढलेला असतो आणि परवाना जुन्या आकड्याचा असतो. श्रेयाची ओळ करारात जशी असेल तशीच लावा, संस्थेचं नाव आपल्या मनाने छोटं करू नका.

मास्टरच्या तीन प्रती: दोन वेगळ्या प्रकारच्या माध्यमांवर आणि त्यातली एक दुसऱ्या इमारतीत. प्रत्येक फाइलची एमडी५ बेरीज (फाइल जराही बदलली तर बदलणारा तपासणीचा आकडा) नोंदवहीत लिहा. दोन वर्षांनी फाइल उघडली नाही तर ती आधीच खराब आली होती की इथे झाली, हे त्यावरून कळतं. खासगी टेप पोच घेऊन परत करा आणि सोबत तिची डिजिटल प्रत पेनड्राइव्हवर द्या.

परवान्यांच्या मुदती एका ठिकाणी लिहा आणि प्रत्येक मुदतीच्या सहा महिने आधीची तारीख कॅलेंडरमध्ये टाका. पाच वर्षांनी ओटीटीवाला कागदपत्रं मागतो तेव्हा एडिटर दुसरीकडे गेलेला असतो, हार्डडिस्क कुणाच्या तरी टेबलाच्या खणात असते आणि हातात उरते ती ही नोंदवही.